डॉट एआय कोणाचं आहे?

गेल्या दोन-तीन वर्षांत कुठलंही नवं ॲप किंवा नवी कंपनी निघाली, की तिच्या वेबसाइटच्या पत्त्याला शेवटी ‘डॉट एआय’ लावलेलं दिसतं. बहुतेकांना वाटतं, कृत्रिम बुद्धिमत्तावाल्यांनी स्वतःसाठी मुद्दाम बनवून घेतलेली ही शेपटी असणार. तसं नाही. आपल्या ‘डॉट इन’सारखीच तीही एका जागेची खूण आहे, आणि ती जागा म्हणजे कॅरिबियन समुद्राच्या कडेला असलेलं अँग्विला नावाचं बेट. लांबी साधारण २६ किलोमीटर, रुंदी जास्तीत जास्त ५, लोकवस्ती १५ हजारांच्या आसपास. जगात कुठेही कुणी डॉट एआयचा पत्ता नोंदवला, की त्याच्या शुल्कातला मोठा वाटा या बेटाच्या सरकारी तिजोरीत जातो. २०२३ साली ही मिळकत ३ कोटी २० लाख अमेरिकी डॉलरच्या घरात गेली. म्हणजे सरकारच्या एकूण उत्पन्नाचा जवळजवळ पाचवा हिस्सा, निव्वळ दोन अक्षरांमधून.

‘नशीब काढलं या लोकांनी’ एवढं म्हणून हा विषय बहुतेक ठिकाणी संपतो. नशीब आहेच. पण ही अक्षरं अँग्विलाच्या वाट्याला येण्यामागे एक बंड आहे, आणि तेही भलतंच उलट्या दिशेचं. सगळं जग वसाहतींचं जोखड फेकून देत होतं तेव्हा या बेटावरचे लोक ‘आम्हाला ब्रिटनकडेच राहू द्या’ म्हणून उठले होते.

आधी अक्षरांचा हिशेब उरकू. इंटरनेटवरच्या देशवार शेपट्या कुणी मनाला येईल तशा वाटलेल्या नाहीत. आयएसओ ही आंतरराष्ट्रीय प्रमाणसंस्था देशांना आणि वेगळा कारभार असलेल्या प्रदेशांना दोन अक्षरी संकेत देते. इंटरनेटने तेच उचलले. यादीत येण्यासाठी स्वतंत्र देश असावं लागत नाही, वेगळी नोंद असावी लागते. ‘ए’ आणि ‘आय’ ही जोडी सुरुवातीला आफ्रिकेतल्या ‘अफार आणि इसा’ या फ्रेंच मुलखाची होती. १९७७ मध्ये तो मुलूख जिबुती या नावाने स्वतंत्र झाला, त्याचा संकेत बदलला आणि ही जोडी मोकळी झाली. पुढे १९ डिसेंबर १९८० रोजी अँग्विला हे ज्याला जोडलेलं होतं त्या सेंट किट्स बेटापासून कायद्याने वेगळं झालं आणि कालांतराने ती जोडी त्याच्याकडे आली. १९९५ मध्ये त्यावरून डॉट एआय सुरू झालं. तेव्हा त्याचं कुणाला फारसं अप्रूप नव्हतं.

वेगळं झालं नसतं तर? तर आज अँग्विलाचे लोक ‘डॉट केएन’ वापरत असते. ती सेंट किट्स आणि नेव्हिस या देशाची शेपटी आहे. त्यातलं नेव्हिस हे बेट आकाराने जवळजवळ अँग्विलाएवढंच. १९९८ मध्ये तिथेही वेगळं होण्यासाठी मतदान झालं, सुमारे ६२ टक्के लोकांनी ‘हो’ म्हटलं, पण घटनेनुसार दोन तृतीयांश मतं हवी होती. ती भरली नाहीत. नेव्हिसला स्वतःची अक्षरं नाहीत.

तेव्हा खरा प्रश्न असा, की अँग्विलाला सेंट किट्सपासून वेगळं व्हायचं होतं कशासाठी? त्याचं पहिलं उत्तर जमिनीत आहे.

डोंगर नाही, म्हणून ऊस नाही

स्पॅनिश आणि फ्रेंच भाषांत ईल माशाला, म्हणजे आपल्याकडे जिला वाम म्हणतात तिला, जे शब्द आहेत त्यांवरून बेटाचं नाव पडलं. नकाशात पाहिलं तर ते पटतं. निमुळतं, लांबट, जरासं वळलेलं. युरोपीय लोक यायच्या आधी इथे राहणाऱ्या अमेरिंडियन लोकांचं नाव मात्र वेगळं होतं: मल्लियुहाना. त्यांनी फाउंटन नावाच्या गुहेत दगडावर कोरलेल्या आकृत्या आणि चुनखडीच्या खांबात घडवलेला एक देवाचा चेहरा अजून शाबूत आहे. गुहेत गोडं पाणी झिरपतं. या बेटावर गोड्या पाण्याला देव मानायला फार कल्पनाशक्ती लागत नाही.

कारण असं, की कॅरिबियनच्या पूर्वेकडच्या बेटांच्या माळेत ढोबळमानाने दोन जाती आहेत. काही बेटं ज्वालामुखीतून उभी राहिली. सेंट किट्सचा डोंगर साडेअकराशे मीटरच्या वर जातो, ढग अडवतो, पाऊस पाडतो. खाली काळी, सुपीक माती. अँग्विला दुसऱ्या जातीचं: प्रवाळ आणि चुनखडीचं, बसकं. सगळ्यांत उंच जागा म्हणजे क्रोकस हिल, तीही ७० मीटरच्या आसपास. ढग वरून निघून जातात. जो पाऊस पडतो तो चुनखडीच्या भेगांतून खाली मुरतो, त्यामुळे बेटावर एकही नदी नाही. मातीचा थर पातळ. जुन्या घरांना छपराचं पाणी साठवायची टाकी असायचीच. आता खाऱ्या पाण्याचं गोडं करणारे प्रकल्प आहेत.

याचा परिणाम समाजावर कसा झाला ते पाहण्यासारखं आहे. इंग्रज इथे १६५० मध्ये सेंट किट्सहून आले. तंबाखू, कापूस, मग ऊस असं सगळं करून पाहिलं. सेंट किट्समध्ये उसाने मळेवाल्यांना गब्बर केलं, इथे दुष्काळाने त्यांना हैराण केलं. गुलामगिरी इथेही होती, आफ्रिकेतून धरून आणलेल्या माणसांच्या श्रमावर इथलाही कारभार चालत होता. पण मळे कधी धड उभेच राहिले नाहीत. १८३४ मध्ये ब्रिटिश साम्राज्यातली गुलामगिरी कायद्याने संपल्यावर बहुतेक गोरे मालक निघून गेले आणि जमिनीचे तुकडे काळ्या शेतकऱ्यांच्या हाती आले. नापीक असेल, पण स्वतःची. एकोणिसाव्या शतकात तर ब्रिटिशांकडून असाही प्रस्ताव आला, की या उपाशी बेटावरच्या सगळ्यांनी दक्षिण अमेरिकेतल्या डेमेराराला जाऊन राहावं. लोक गेले नाहीत.

मग जगायचं कशावर? समुद्रावर. मासेमारी, होड्या बांधणं आणि मीठ. रोड बे आणि इतर ठिकाणच्या खाजणांत मीठ पिकायचं आणि शिडाच्या गलबतांनी बाहेर जायचं. हा धंदा १९८०च्या दशकापर्यंत टिकला. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इथले पुरुष दर हंगामात गलबतांत बसून डॉमिनिकन रिपब्लिकला ऊसतोडीला जात. ऊस आपल्या बेटावर नाही म्हणून दुसऱ्याचा ऊस तोडायचा, ही तऱ्हा मराठवाड्यातल्या वाचकाला वेगळी समजावून सांगायला नको. परतताना गलबतांची शर्यत लागायची, त्यातूनच आजच्या होड्यांच्या शर्यती आल्या असं बेटावर सांगतात. क्रिकेट आहे, फुटबॉल आहे, पण राष्ट्रीय खेळ म्हणजे होड्यांची शर्यत. ऑगस्टच्या पहिल्या सोमवारी सगळं बेट किनाऱ्यावर असतं.

१९५०-६० च्या दशकांत अनेक जण इंग्लंडला गेले, त्यातले बरेचसे लंडनच्या पश्चिमेला स्लाउ या गावात. तिथे आजही अँग्विलावाल्यांची मोठी वस्ती आहे. घरोघरी येणारी मनीऑर्डर हाच कित्येक वर्षं बेटाचा मुख्य आधार होता.

थोडं विषयांतर. १९९५ मध्ये दोन चक्रीवादळं लागोपाठ आली. त्यानंतर किनाऱ्यावर उन्मळलेल्या झाडांचा एक मोठा गुंता वाहत आला आणि त्यावर किमान १५ हिरवे इग्वाना, म्हणजे मोठे सरडे, होते, बहुधा दूरच्या ग्वादलूप बेटाहून आलेले. प्राणी एका बेटावरून दुसऱ्यावर तराफ्याने पोचत असावेत अशी शास्त्रज्ञांची अटकळ जुनीच होती. इथे ते लोकांनी डोळ्यांनी पाहिलं.

एका मोळीत तीन बेटं

आता राजकारण. लंडनला छोट्या बेटांचा वेगवेगळा कारभार परवडत नसे. म्हणून सोयीने त्यांच्या मोळ्या बांधल्या जात. १८२५ मध्ये अँग्विला सेंट किट्सच्या विधिमंडळाखाली घातलं गेलं. पुढे नेव्हिसही जोडलं आणि १८८२ पासून ‘सेंट किट्स-नेव्हिस-अँग्विला’ असं त्रिकूट झालं.

नकाशा समोर ठेवला की यातला वेडेपणा दिसतो. अँग्विला आणि सेंट किट्स यांच्यात ११० किलोमीटरच्या आसपास समुद्र आहे, आणि मधे फ्रान्सची आणि नेदरलँड्सची बेटं आहेत. अँग्विलाच्या लोकांचं रोजचं येणं-जाणं असायचं ते समोर दिसणाऱ्या सेंट मार्टिनशी, ज्याचा अर्धा भाग फ्रेंच आणि अर्धा डच. नातीगोती तिथे, बाजार तिथे, रोजगार तिथे. सेंट किट्सशी नातं फक्त कागदाचं. आणि कागद कायम तिकडेच अडकायचे.

लोकांनी तक्रार केली नाही असं नाही. १८७० च्या दशकात त्यांनी थेट लंडनला अर्ज केला होता, की आम्हाला सेंट किट्सच्या हाताखाली नको, तुम्हीच बघा आमचं. १९५८ मध्ये पुन्हा. काही झालं नाही. १९६० च्या दशकात बेटावर सार्वजनिक वीज नव्हती, धड रस्ते नव्हते, आणि १९५५ च्या वादळात मोडलेली टेलिफोनची यंत्रणा कुणी दुरुस्त केली नव्हती. तिन्ही बेटांच्या विधिमंडळात निवडून येणारे दहा जण. सात सेंट किट्सचे, दोन नेव्हिसचे आणि अँग्विलाचा एक. एकाने हात वर केला काय आणि नाही केला काय.

याची दुसरी बाजूही सांगायला हवी, नाहीतर सेंट किट्सचे मुख्य नेते रॉबर्ट ब्रॅडशॉ हे नुसतेच खलनायक वाटतील. हा माणूस साखर कामगारांच्या संघटनेतून वर आलेला. मळेवाल्यांशी आयुष्यभर भांडलेला. त्यांचं सगळं राजकारण ऊस, मजुरी आणि युनियन यांभोवती होतं. अँग्विलात मळा नाही, मजूर नाही, युनियन नाही. प्रत्येक जण आपापल्या तुकड्याचा किंवा होडीचा धनी. ब्रॅडशॉंच्या पक्षाला तिथे मतं मिळत नव्हती, आणि अँग्विलाच्या वाट्याला विकास येत नव्हता. कुठलं आधी आणि कुठलं नंतर, यावर आजही दोन्ही बेटांवर वाद होतो.

भडका उडाला तो ब्रिटनच्या घाईमुळे. साम्राज्य आवरतं घेताना फार छोट्या वसाहतींचं काय करायचं, यावर लंडनने एक मधला मार्ग काढला: ‘संलग्न राज्य’. घरचा कारभार पूर्णपणे तुमचा, संरक्षण आणि परराष्ट्र व्यवहार आमचा. २७ फेब्रुवारी १९६७ रोजी तिन्ही बेटांचं मिळून असं एक राज्य झालं. अँग्विलाच्या दृष्टीने त्याचा अर्थ सरळ होता. आतापर्यंत सेंट किट्सविरुद्ध गाऱ्हाणं घालायला वर लंडन तरी होतं. आता तेही दार बंद.

समारंभाच्या तयारीतच गोंधळ झाला. शाळेत सौंदर्यस्पर्धा ठेवली होती, लोकांनी ती उधळली, पोलिसांनी अश्रुधूर सोडला. मार्चमध्ये सरकारी अधिकाऱ्याचं निवासस्थान जळालं. आणि मेच्या शेवटी मैदानात सभा भरून ठरलं, की सेंट किट्सचे पोलीस परत पाठवायचे. ३० मे रोजी जमाव गेला आणि मूठभर पोलिसांना विमानात बसवून रवाना करण्यात आलं. परत कुणी उतरू नये म्हणून धावपट्टीवर तेलाची पिंपं आणि गाड्या आडव्या लावल्या. बेट आता स्वतःच्या ताब्यात होतं, साधारण सहा हजार लोकांचं. ३० मे हाच आज अँग्विला दिवस. जूनमध्ये काही जणांनी होडीने जाऊन सेंट किट्सवरच हल्ला करायचा घाट घातला होता, तो पार फसला.

या सगळ्याचा म्होरक्या रोनाल्ड वेब्स्टर. लहानपणीच सेंट मार्टिनला कामाला गेला, तिथे एका डच कुटुंबाच्या शेतावर राबला, पुढे त्यांचीच मालमत्ता त्याला मिळाली आणि पैसेवाला होऊन घरी परतला. धार्मिक, कमी बोलणारा. ११ जुलै १९६७ रोजी बेटाने मतदान घेतलं: सेंट किट्सपासून वेगळं व्हायचं का? हो म्हणणारे १८१३, नाही म्हणणारे ५.

पुढची पावणेदोन वर्षं हे बेट कुणाचंच नव्हतं. तिजोरी रिकामी, त्यामुळे जुन्या पोस्टाच्या तिकिटांवर ‘स्वतंत्र अँग्विला’ असा छाप मारून ती संग्राहकांना विकली. परदेशी चांदीच्या नाण्यांवर नवा ठसा मारून तीही विकली. न्यूयॉर्कच्या मोठ्या वर्तमानपत्रात पानभर जाहिरात आली, १०० डॉलर पाठवा आणि मानद नागरिक व्हा. स्वतःचं नाव विकून बेट चालवायचं, ही अँग्विलाची जुनी विद्या आहे. डॉट एआय तिची पुढची आवृत्ती.

ब्रिटनची अडचण खरी होती. कायद्याने अँग्विला सेंट किट्सचं, आणि सेंट किट्सच्या अंतर्गत कारभारात ब्रिटनला बोट घालता येत नव्हतं. टोनी ली नावाचा एक अधिकारी वर्षभर तडजोड म्हणून पाठवला, ती मुदतही संपली. फेब्रुवारी १९६९ मध्ये बेटाने पुन्हा मतदान घेतलं, १७३९ विरुद्ध ४, आणि प्रजासत्ताक जाहीर केलं. मनातून मागणी तीच होती: ब्रिटनने थेट आमचा कारभार घ्यावा. पण कुणी ऐकतच नसेल तर आवाज चढवायचा, इतकंच.

११ मार्चला ब्रिटनचे उपमंत्री विल्यम व्हिटलॉक आले. उतरल्या उतरल्या पत्रकं वाटली, वेब्स्टरला डावलून जेवायला निघून गेले. हे लोकांना झोंबलं. बंदूकधारी मंडळींनी घराला वेढा घातला आणि मंत्रिमहोदयांना त्याच दिवशी काढता पाय घ्यावा लागला. लंडनमध्ये बातम्या पोचल्या, की बेटावर अमेरिकी गुंडटोळ्यांचं राज्य आहे. हॅरॉल्ड विल्सन यांच्या सरकारने सैन्य पाठवलं.

१९ मार्च १९६९ ची पहाट. दोन युद्धनौकांवरून सुमारे ३०० छत्रीधारी सैनिक किनाऱ्याकडे निघाले. अंधारात लखलखाट दिसला, गोळीबार वाटला. ते वार्ताहरांच्या कॅमेऱ्यांचे फ्लॅश होते. एकही गोळी सुटली नाही. सैनिकांमागून लंडनचे चाळीसेक पोलीस उतरले. गुंडटोळ्या सापडल्या नाहीत, शस्त्रंही जेमतेम. जगभरच्या वर्तमानपत्रांनी मनसोक्त टिंगल केली, आणि आजही या प्रकरणाकडे फार्स म्हणूनच पाहिलं जातं. मला ते पटत नाही. सैन्य आलं ते बंड मोडायला, आणि आल्यामुळे बंडखोरांना जे हवं होतं तेच झालं: लंडनला आता या बेटाची जबाबदारी झटकता येईना. पाठोपाठ आलेल्या लष्करी इंजिनिअरांनी रस्ते केले, इमारती बांधल्या. १९७१ मध्ये संसदेने कायदा करून कारभार हाती घेतला, १९७६ मध्ये वेगळी घटना दिली, १९८० मध्ये फारकत पूर्ण झाली. तीन वर्षांनी सेंट किट्स आणि नेव्हिस स्वतंत्र देश झाला, अँग्विलाशिवाय. या सगळ्यात एकाही माणसाचा जीव गेला नाही.

मग आता राज्य कुणाचं?

अँग्विला आज ‘ब्रिटिश सागरपार प्रदेश’ आहे. ब्रिटनचा भाग नाही, स्वतंत्र देशही नाही. लंडनच्या संसदेत त्याचा खासदार नाही. राष्ट्रप्रमुख ब्रिटनचे राजे. त्यांच्या वतीने लंडनहून नेमलेला गव्हर्नर राजधानी द व्हॅलीमध्ये बसतो. लोक आपलं विधिमंडळ निवडतात. त्यात निवडून येणारे ११ जण आहेत: सात जण आपापल्या मतदारसंघातून, चार जण अख्ख्या बेटाच्या मतांवर. शिवाय उपगव्हर्नर आणि ॲटर्नी जनरल हे दोघे पदसिद्ध. बहुमताचा नेता प्रीमियर होतो. २०१९ पर्यंत या पदाला मुख्यमंत्री म्हणत. फेब्रुवारी २०२५ च्या निवडणुकीनंतर कोरा रिचर्डसन-हॉज प्रीमियर झाल्या, या पदावरच्या पहिल्या महिला.

शाळा, दवाखाने, कर, पर्यटन, जमीन हे सगळं प्रीमियर आणि मंत्र्यांकडे. पोलीस, सरकारी नोकरवर्ग, परराष्ट्र व्यवहार, संरक्षण हे गव्हर्नरकडे. मंत्रिमंडळासारखी जी कार्यकारी परिषद असते तिच्या बैठकीचं अध्यक्षपदही गव्हर्नरकडेच. न्यायव्यवस्था शेजारच्या बेटांशी सामायिक आहे, आणि शेवटचं अपील लंडनच्या प्रिव्ही कौन्सिल या न्यायमंडळाकडे. चलनही सामायिक: पूर्व कॅरिबियन डॉलर, एका अमेरिकी डॉलरला २.७० असा बांधलेला दर.

इथवर सगळं संयुक्त कुटुंबासारखं वाटतं. थोरल्याने घर सांभाळायचं आणि धाकट्याने आपलं दुकान. पण किल्ली थोरल्याकडे आहे, हे अधूनमधून कळतं. लंडनला वाटलं तर ते या प्रदेशांसाठी परस्पर कायदा करू शकतं. १९९१ मध्ये खुनासाठीची फाशी अशीच रद्द झाली, आणि २००० मध्ये समलिंगी संबंध गुन्हा ठरवणारं कलम असंच काढलं गेलं. दोन्ही वेळा कॅरिबियनमधल्या आपल्या प्रदेशांना ब्रिटनने मत विचारून निर्णय सोपवला नाही. २००९ मध्ये ब्रिटनच्या अशाच दुसऱ्या एका प्रदेशात, टर्क्स आणि कैकोस बेटांत, भ्रष्टाचार निघाला तेव्हा लंडनने तिथलं निवडलेलं सरकारच बाजूला सारलं आणि २०१२ पर्यंत थेट कारभार केला. निर्णय चांगला की वाईट हा भाग वेगळा; तो कोण घेऊ शकतं हे त्यातून दिसतं.

उलट बाजूने मिळतं काय? २००२ पासून इथल्या बहुतेकांना पूर्ण ब्रिटिश नागरिकत्व आहे. संकटात मदत आहे: ६ सप्टेंबर २०१७ रोजी इर्मा हे सर्वांत वरच्या श्रेणीचं चक्रीवादळ बेटावरून गेलं तेव्हा ब्रिटनचं जहाज आणि पैसा आला, भले काहींनी तो उशिरा आला म्हटलं. आणि ब्रेक्झिटसारखे तडाखेही आहेत. युरोपमधून बाहेर पडायचं का, यावरच्या २०१६ च्या मतदानात अँग्विलाला मत नव्हतं. पण समोरच्या फेरीने जेमतेम अर्ध्या तासावर असलेलं फ्रेंच सेंट मार्टिन म्हणजे युरोपीय संघाचीच जमीन. सीमा बदलली लंडनने, पण ती आली इथल्या धक्क्यावर.

संयुक्त राष्ट्रांच्या ‘स्वयंशासन नसलेल्या प्रदेशांच्या’ १७ नावांच्या यादीत अँग्विला आजही आहे. न्यूयॉर्कमधल्या समितीच्या दृष्टीने हे मुक्ततेची वाट पाहणारं बेट. बेटावरच्या म्हाताऱ्यांना हे ऐकून काय वाटत असेल देव जाणे.

दोन अक्षरांचा पैसा

मीठ संपलं तसं पर्यटन आलं. पांढऱ्या वाळूचे किनारे, संख्येने कमी पण श्रीमंत पाहुणे, महागडी हॉटेलं. हा धंदा बरा, पण नाजूक. इर्माने हॉटेलं मोडली, मग कोविडने रिकामी केली. वर्षानुवर्षं बेटावर प्राप्तिकर नव्हता. २०२२ च्या जुलैपासून १३ टक्के वस्तू व सेवा कर लावला गेला आणि लोक चांगलेच रागावले. त्याच वर्षीच्या ३० नोव्हेंबरला चॅटजीपीटी आलं.

सुमारे १ लाख ४४ हजार असलेली डॉट एआय पत्त्यांची नोंदणी वर्षभरात साडेतीन लाखांवर गेली. तेव्हा दोन वर्षांचं शुल्क १४० डॉलर होतं, दोन वर्षांनी नूतनीकरणाचे पुन्हा तितकेच. खर्च जवळजवळ काही नाही. कितीतरी वर्षं हे सगळं बेटावर राहायला आलेल्या व्हिन्स केट नावाच्या अमेरिकी संगणकतज्ज्ञाने जवळपास एकट्याने सांभाळलं. एवढा पैसा आणि एकाच माणसाचा भार, शिवाय डोक्यावर वादळांचा हंगाम. तेव्हा ऑक्टोबर २०२४ मध्ये सरकारने एका अमेरिकी कंपनीशी करार केला आणि यंत्रणा बेटाबाहेर जगभर पसरली.

यात फसण्यासारखंही आहे. एआयची लाट ओसरली आणि कंपन्यांनी नूतनीकरण केलं नाही, तर ही मिळकत झपाट्याने घसरेल. सुदैवाने सरकार हे जाणून असल्यासारखं वागतंय: कर्ज कमी करणं, ७० वर्षांवरच्या नागरिकांना मोफत प्राथमिक आरोग्यसेवा, व्यवसाय शिक्षणाचं केंद्र, अशा एकदाच करून ठेवायच्या किंवा झेपतील अशा गोष्टींकडे पैसा वळवला गेला. आणि विमानतळ.

विमानतळाचं सांगायलाच हवं. १९६७ मध्ये जिच्यावर पिंपं आडवी लावली होती त्या धावपट्टीच्याच जागी आजचा विमानतळ आहे. तेव्हा ती कच्ची होती. आता ती लांबवलेली आहे, डिसेंबर २०२१ पासून मायामीहून थेट विमान येतं, आणि अजून मोठी विमानं उतरावीत म्हणून विस्तार चालू आहे. ज्या मैदानात पोलिसांना हाकलायचं ठरलं त्याला आज रोनाल्ड वेब्स्टर पार्क म्हणतात, तिथे क्रिकेट होतं. आपल्या वाचकांपैकी क्रिकेटवेड्यांनी अँग्विलाचा एक माणूस नक्की पाहिला असेल: ओमारी बँक्स, वेस्ट इंडीजकडून कसोटी खेळलेला पहिला अँग्विलाकर. मे २००३ मध्ये अँटिग्वाला ऑस्ट्रेलियाविरुद्ध ४१८ धावांचा विक्रमी पाठलाग झाला, तेव्हा शेवटी नाबाद ४७ वर उभा होता तो हाच.